खाडी म्हणजे नुसतं नदीचं तोंड नाही : एका प्रतिक्रियेला उत्तर

सर, सादर नमस्कार.

गेल्या महिन्यात मी इथे कोकणातल्या खाड्यांवर लिहिलं होतं. त्यावरची तुमची प्रतिक्रिया मी तीन-चारदा वाचली. चिपळूणला आयुष्यभर भूगोल शिकवलेल्या माणसाने लेख इतका बारकाईने वाचावा आणि चुकतंय तिथे बोट ठेवावं, याचं मला फार मोल वाटतं. उत्तर प्रतिक्रियेच्या चौकटीत मावेना, म्हणून स्वतंत्रच लिहितो आहे.

ज्यांनी ती प्रतिक्रिया पाहिली नसेल त्यांच्यासाठी सरांचं म्हणणं थोडक्यात असं. कोकणातल्या नद्या त्रिभुज प्रदेश का तयार करत नाहीत याचं उत्तर पाठ्यपुस्तकात सरळ दिलेलं आहे : नद्या आखूड आणि वेगवान आहेत म्हणून. ते सोडून मी भरती-ओहोटी आणि बुडालेल्या दऱ्या मध्ये आणल्या आणि सोपी गोष्ट अवघड करून ठेवली. 'पावसाळा सरला की खाडी वरपर्यंत खारी होत जाते' हे माझं वाक्य तर साफ चूक, कारण चिपळूणला भर मे महिन्यात वाशिष्ठीचं पाणी गोडं असतं. शिवाय 'नदीमुख' हा नेमका शब्द हाताशी असताना मी जिथे तिथे 'खाडी' म्हणतो, आणि हिंदीत तर हाच शब्द बंगालच्या उपसागरालाही लावतात. अशाने मुलांची दिशाभूल होते.

मधल्या आक्षेपापासून सुरुवात करतो, कारण तिथे तुमचंच बरोबर आहे. मी ते वाक्य वाशिष्ठी समुद्राला मिळते त्या दाभोळच्या बाजूला बसून लिहिलं. माझं लहानपण गुहागर तालुक्यात, खाडीच्या दक्षिण काठावर गेलं. आमच्याकडे दिवाळीनंतर पाणी खारट व्हायला लागतं आणि शिमग्यापर्यंत समुद्रात आणि खाडीत चवीचा फरक उरत नाही. हेच वरपर्यंत घडत असणार असं मी धरून चाललो. वाशिष्ठीच्या बाबतीत ते धरायला नको होतं, कारण तिला कोयनेचं अवजल मिळतं. सह्याद्रीपलीकडे कृष्णेच्या खोऱ्यात पडलेलं पाणी बोगद्यांतून पोफळीकडे उतरतं, वीज तयार करतं, कोळकेवाडीत येतं आणि तिथून पुढे वाशिष्ठीत सोडलं जातं. कृष्णा पाणीतंटा लवादाने पश्चिमेकडे वळवायला दिलेली वर्षाची मर्यादा ६७.५ टीएमसी, म्हणजे अब्ज घनफूट. ती पुरी वापरली तर वर्षभराची सरासरी सेकंदाला साधारण ६० घनमीटर पडते, म्हणजे ६० हजार लिटर. कोकणातल्या दुसऱ्या कुठल्याही नदीच्या पात्रात एप्रिल-मे महिन्यांत इतकं गोडं पाणी वाहत नाही. इतर बहुतेक नद्यांचे तेव्हा डोह उरलेले असतात.

म्हणजे चिपळूणची वाशिष्ठी कोकणात अपवाद आहे, आणि तो अपवाद माणसाने तयार केलेला आहे. हे मी मूळ लेखात लिहायलाच हवं होतं. दुरुस्ती केली आहे. पण माझ्या मते या अपवादाने माझा मूळ मुद्दा पडत नाही, उलट पक्का होतो. वरून गोडं पाणी येत राहिलं तर खारं पाणी खाली थोपतं, वरचं आटलं की ते चढतं. खाडीची हद्द जमिनीवर आखलेली नसते. दोन पाण्यांच्या रेट्यात त्या दिवशी ती जिथे ठरेल तिथे असते.

आता त्रिभुज प्रदेश. यावर जरा सविस्तर लिहितो, कारण तुमचा मुख्य आक्षेप हाच आहे आणि मला सगळ्यात जास्त ओढ याच प्रश्नाची आहे.

'आखूड आणि वेगवान' हे उत्तर कोकणापुरतं पाहिलं तर पटतं. सह्याद्रीचा माथा आणि समुद्र यांत अंतरच ५०-६० किमीचं. पण त्याच धड्यात, त्याच परिच्छेदात, नर्मदा आणि तापीही येतात. नर्मदा १,३१२ किमी लांब, तापी ७२४. त्या आखूड नाहीत. आणि भरूचला जाऊन नर्मदेच्या पुलावर उभं राहिलं तर ती वेगवानही वाटत नाही, सपाट मैदानातून पसरून चाललेली दिसते. गाळही तिने काही कमी आणलेला नाही. तरी तिच्या मुखाशी गोदावरीसारखा त्रिभुज प्रदेश नाही. नरसाळ्यासारखी रुंद होत जाणारी खाडी आहे आणि तोंडाशी आलिया बेट. मग 'आखूड आणि वेगवान' या उत्तराचं इथे काय करायचं? मी वर्गात असतो आणि एखाद्या मुलीने हा प्रश्न विचारला असता तर मला उत्तर देता आलं नसतं, आणि मूळ लेख लिहिण्यामागे खरं कारण हेच होतं.

उत्तरासाठी जरा मागे जावं लागतं. साधारण २० हजार वर्षांपूर्वी, शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरात, पृथ्वीवरचं इतकं पाणी बर्फात अडकलं होतं की समुद्राची पातळी आजच्यापेक्षा १२० मीटरच्या आसपास खाली होती. मुंबईच्या पश्चिमेला साधारण १६० किमीवर मुंबई हायच्या तेलविहिरी आहेत. तिथे आज पाणी ७५ मीटरच्या आसपास खोल आहे. म्हणजे तेव्हा तिथे कोरडी जमीन होती, आणि किनारा त्याच्याही पलीकडे. आज ज्याला आपण समुद्रबूड जमीन म्हणतो, त्या पट्ट्यावरून तेव्हा आपल्या नद्या वाहत होत्या आणि आपापल्या दऱ्या कोरत होत्या. वाशिष्ठी दाभोळला संपत नव्हती, कितीतरी पुढे जात होती.

मग बर्फ वितळला. समुद्र चढत चढत साधारण ६-७ हजार वर्षांपूर्वी आजच्या पातळीच्या जवळ येऊन थांबला. चढताना तो प्रत्येक नदीच्या दरीत घुसला, आणि फक्त कोकणात नाही, जगभर घुसला. स्पेनच्या गॅलिसियातल्या अशा बुडालेल्या दऱ्यांना 'रिया' म्हणतात आणि भूगोलात तोच शब्द रूढ झाला. नॉर्वेत नदीऐवजी हिमनदीने कोरलेल्या दऱ्या बुडाल्या, म्हणून तिथले फ्योर्ड इतके खोल. सोग्नेफ्योर्ड तर १,३०० मीटरहून खोल आहे. आपल्या खाड्यांचा तळ बहुतेक ठिकाणी होडीतल्या लांब बांबूने लागतो.

म्हणजे समुद्र थांबला त्या दिवशी गोदावरीच्या मुखाशीही खाडीच होती, कृष्णेच्याही, आणि वाशिष्ठीच्याही. सगळ्यांची सुरुवात एकाच वेळी झाली. पुढचा प्रश्न इतकाच, की आपली बुडालेली दरी गाळाने भरून काढायला कोणाला किती वेळ लागला. गोदावरीने १,४६५ किमीच्या प्रवासात अर्ध्या दख्खनचा गाळ आणला. तिकडे भरतीही बेताची, मीटर-दीड मीटरची, त्यामुळे टाकलेला गाळ जागेवर राहिला. तिची दरी भरली आणि मग उरलेला गाळ घेऊन ती समुद्रात पुढे सरकली. तोच तिचा त्रिभुज प्रदेश. वाशिष्ठीचं खोरं छोटं, बाजूला काळा कातळ आणि जांभा. ती अजून आपली दरीच भरते आहे. तिचं काम अर्ध्यावर आहे, इतकाच याचा अर्थ.

आणि नर्मदा? तिच्याकडे गाळ होता, पण समोर खंबातचं आखात होतं. पश्चिम किनाऱ्यावर दक्षिणेकडून उत्तरेला जाताना भरती कशी वाढत जाते पाहा. कोचीला उधाणातही पाणी जेमतेम मीटरभर चढतं. गोव्यात दोनेक मीटर, मुंबईत मोठ्या उधाणाला ५ मीटरच्या आसपास, आणि भावनगरच्या बाजूला १० मीटरच्या वर. समुद्रबूड जमीन उत्तरेकडे रुंद होत जाते, आखात आत निमुळतं होत जातं, आणि त्यात कोंडलेली भरती चढत राहते. दिवसातून दोनदा इतकं पाणी आत येऊन बाहेर जातं, तेव्हा नदीने टाकलेला गाळ एका जागी बसतच नाही. तो आखातभर हिंडत राहतो.

पण नुसत्या भरतीचं कारण सांगून मीही मोकळा होऊ शकत नाही, आणि मूळ लेखात मी तसा झालो होतो. सुंदरबनात भरती गोदावरीपेक्षा कितीतरी मोठी, तरी गंगा-ब्रह्मपुत्रेचा त्रिभुज प्रदेश जगात सगळ्यात मोठा, कारण त्या दोघी मिळून वर्षाला सुमारे १०० कोटी टन गाळ आणतात. भरतीला तो पेलवत नाही. आणि त्याच त्रिभुज प्रदेशाच्या पश्चिम टोकाला हुगळी एक अस्सल खाडी आहे. म्हणजे 'खाडी किंवा त्रिभुज प्रदेश, दोहोंपैकी एक निवडा' ही वर्गातली जोडी लावायची पद्धतच निसर्गाला मान्य नाही. गाळ किती येतो, भरायची जागा किती आहे, आणि भरती व लाटा त्यातला किती उचलून नेतात, हा तिहेरी हिशेब आहे. तुमचं 'आखूड' त्यात बसतं, कारण खोरं लहान म्हणून गाळ कमी. पण ते हिशेबातलं एक कलम आहे. तेच सगळं उत्तर म्हणून फळ्यावर लिहिलं की नर्मदा त्यातून निसटते.

याच संदर्भात माझी आणखी एक चूक, जी तुमच्या नजरेतून सुटली. 'कोकणच्या नद्या फारसा गाळ आणत नाहीत' असं मी लिहिलं होतं. गोदावरीच्या मानाने गाळ कमी हे खरं, पण 'फारसा नाही' म्हणणं चूक, म्हणून हे विधान मागे घेतो. खाडीच्या तोंडाशी वाळूचे दांडे पडतात, ओहोटीला मच्छीमारांच्या बोटी बाहेर ताटकळतात आणि भरतीची वाट पाहतात, हे मी लहानपणापासून पाहिलेलं आहे. तरीही तसं लिहिलं, याचं वाईट वाटतं.

आता शब्दाकडे येतो. हिंदीतली 'खाड़ी' आणि मराठीतली 'खाडी' दिसायला सारख्या, पण अर्थाने वेगळ्या. हिंदीत 'बंगाल की खाड़ी' आणि 'खाड़ी देश'. आपण म्हणतो बंगालचा उपसागर आणि आखाती देश. आपल्या भाषेने तीन आकारांसाठी तीन शब्द सांभाळले आहेत आणि ते हिंदीच्या भीतीने सोडायचं काही कारण नाही. (उपसागर आणि आखात यांतला फरक मात्र कुठल्याच भाषेत पक्का नाही. हडसनचा उपसागर पर्शियन आखाताच्या कितीतरी पट मोठा आहे. १९८२ च्या सागरी कायद्याच्या करारात उपसागराची कसोटी दिली आहे : मुखाची रेषा व्यास धरून अर्धवर्तुळ काढायचं, आतलं पाणी त्याहून कमी भरलं तर तो नुसता किनाऱ्याचा बाक. सगळं पाणी त्या देशाचं अंतर्गत धरायचं तर मुख २४ सागरी मैलांपेक्षा रुंद नको. त्या हिशेबाने बंगालचा उपसागर फक्त नावाचाच उपसागर ठरतो.)

'नदीमुख' मला चालत नाही, कारण त्या शब्दात समुद्र नाही. नदी आली, तोंड उघडलं, संपली, असं चित्र त्यातून उभं राहतं. इंग्रजीत ज्याला एस्चुअरी म्हणतात त्या शब्दाच्या मुळाशी लॅटिन 'एस्टस' आहे, आणि त्याचा अर्थ भरती. अमेरिकन समुद्रशास्त्रज्ञ डोनाल्ड प्रिचर्ड यांनी १९६७ साली केलेली व्याख्या आजही सगळीकडे वापरतात. तिचा आशय असा, की किनाऱ्यालगतचं अर्धबंदिस्त पाणी, जे समुद्राशी मोकळं जोडलेलं आहे आणि ज्यात समुद्राचं पाणी जमिनीवरून आलेल्या गोड्या पाण्याने मोजता येईल इतकं सौम्य होतं. यात नदी आहे, पण समुद्राच्या पाण्यात मिसळणारी म्हणून आहे. मुख्य धनी समुद्र.

हे 'मिसळणं' म्हणजे काय ते मला पुस्तकातून कळलं नाही, एका तांडेलाने, म्हणजे होडीच्या म्होरक्याने, दाखवलं. श्रावणातली गोष्ट. पावसाने दोन दिवस उघडीप दिली होती आणि भांगाचे दिवस होते, म्हणजे अष्टमीच्या आसपासची कमी जोराची भरती. आम्ही होडीने दाभोळच्या तोंडाच्या जरा आत होतो. पाणी वरून चहासारखं, लाल मातीचं. मी ओंजळीत घेऊन चाखलं, जवळजवळ गोडं. तांडेल म्हणाला, "खालचं बघायचं हाय?" त्याने सरबताची रिकामी काचेची बाटली घेतली, गळ्याला दगड बांधला, बूच घट्ट लावलं आणि बुचाला वेगळी सुतळी अडकवली. बाटली चार वाव खाली सोडली आणि सुतळीला हिसका दिला. बुडबुडे वर आले. बाटली ओढून घेतली तर आतलं पाणी स्वच्छ, काचेसारखं, आणि जिभेला लावलं तर कडक खारट. एकाच जागी, आमच्या होडीखाली, दोन पाणी एकावर एक निजलेली होती. गोडं हलकं म्हणून वरून समुद्राकडे चाललेलं, खारं जड म्हणून तळातून पाचरीसारखं आत शिरलेलं. "उधाणात ही बाटली टाकलीस तर असं गावायचं नाय," तो म्हणाला, "तेव्हा सगळा घुसळून एक व्हतं." महिन्यातून दोनदा उधाण, दोनदा भांग. म्हणजे खाडी महिन्यात दोनदा आपली घडी मोडते आणि पुन्हा घालते.

पुस्तकांत खाड्यांचे पाचरीची, अर्धमिश्र, पूर्णमिश्र असे वर्ग असतात. ते बहुतेक अशा देशांतल्या खाड्यांवरून पाडलेले आहेत जिथे नदी बाराही महिने बऱ्यापैकी वाहते. आपल्याकडे वर्षाचा जवळजवळ सगळा पाऊस चार महिन्यांत पडतो. गोव्याच्या दोना पावला इथल्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी मांडवी आणि झुआरीवर बरीच वर्षं मोजमापं घेतली आणि अशा खाड्यांना 'मोसमी खाड्या' असं वेगळंच नाव दिलं. त्यांचा मुद्दा असा, की या खाड्या कधी स्थिर होतच नाहीत. पावसाळ्यात नदी समुद्राला तोंडापर्यंत ढकलते, आणि पुढचे आठ महिने समुद्र हळूहळू आत परततो. तो पुरता परतण्याआधी पुढचा पावसाळा येतो. दाभोळला काय, जयगडला काय, हेच घडतं. आपल्या मुलांना आपल्या खाडीचं वर्ष शिकवायचं तर ते जून ते जून शिकवावं लागेल.

तुम्ही म्हणाल, मुलांना एवढं कशाला? या एका ठिकाणी मात्र माझं मत तुमच्यापेक्षा वेगळं आहे आणि ते मी ठामपणे मांडतो. खाडीला नदीचं शेपूट समजलं की तिच्या काठची खाजणं ही रिकामी जमीन वाटते. मग तिवरं तोडली जातात, भराव पडतो. पण त्या खाजणात भरतीचं पाणी चढत होतं आणि ओहोटीला तेच पाणी जोराने बाहेर पडताना खाडीच्या तोंडाशी साचलेली वाळू खरवडून नेत होतं. आत पाणी मावायची जागा कमी केली की बाहेर पडणारं पाणी कमी, त्याचा जोर कमी, आणि तोंडाशी दांडा वाढतो. पाच-दहा किमी आत टाकलेल्या भरावाने तोंडाशी बोट अडते. हे 'नदीमुख' शिकलेल्या मुलाला सुचणार नाही, कारण त्याच्या चित्रात पाणी एकाच दिशेने जातं.

आणि चिपळूणकरांना वेगळं सांगायला नको. २२ जुलै २०२१ चा पूर आला तेव्हा पौर्णिमा दोन दिवसांवर होती, उधाण लागलं होतं. पूर पावसाचाच, त्यात वाद नाही. पण पावसाचं पाणी उतरायला खाली खाडीची पातळी उतरलेली लागते, आणि उधाणात दिवसातून दोनदा ती चढते. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, हा हिशेब आमच्याकडे शाळेत न गेलेल्या बायकाही तोंडी करायच्या, कारण कालवं काढायला कधी जायचं ते त्यावर ठरायचं. चतुर्थी असेल तर तीन वाजता पूर्ण भरती. शहराच्या पुराचा विचार करतानाही हा हिशेब लोकांच्या तोंडी असावा असं मला फार वाटतं.

सर, आता एक विनंती. कोयनेचं अवजल १९६० च्या दशकात वाशिष्ठीत यायला लागलं. त्याआधीची खाडी पाहिलेली माणसं आता थोडी उरली आहेत, आणि तुमच्या प्रतिक्रियेवरून वाटतं की तुम्ही त्यांपैकी एक आहात. तेव्हा उन्हाळ्यात खारं पाणी कुठवर चढायचं? गोवळकोटच्या बंदरात मे महिन्यात पाणी खारट लागायचं का, आणि दाभोळहून येणारे मचवे कुठल्या तिथीला थेट धक्क्यापर्यंत पोचायचे? तुमच्या घरात किंवा आळीत कोणाला आठवत असेल तर विचारून लिहा. तुमच्या नावानिशी, किंवा नको असेल तर नावाशिवाय, ते मी मूळ लेखात जोडतो.